दातेरी चाकांचा गंधार

सांगलीला नाट्यपंढरी म्हणतात, तरी संगीत नाटकातला ऑर्गन विजेवर चालतो असे समजणारे श्रोते इथेही भेटतात. तो पायाने भाता मारून, हवेवर आणि पितळी रीडवर वाजतो. विजेवर चालणाऱ्या हॅमंड ऑर्गनचे कूळ निराळे आहे.

अमेरिकेतले लॉरेन्स हॅमंड विजेची घड्याळे बनवत. त्यांतली मोटर वीजपुरवठ्याच्या आवर्तनांशी जखडलेली असते, वेग ढळत नाही. तशीच मोटर त्यांनी वाद्यात बसवली. पेटंट १९३४चे, वाद्य बाजारात आले १९३५ साली.

आत ९१ दातेरी चाके फिरतात. प्रत्येकाशेजारी तारेचे वेटोळे गुंडाळलेले चुंबक. दाता समोरून सरकला की चुंबकीय क्षेत्र हलते आणि वेटोळ्यात वीज उमटते. अमेरिकेतल्या ६० हर्ट्झच्या (सेकंदाला ६० आवर्तनांच्या) विजेवर मोटर सेकंदाला २० फेरे घेते. ८८ आणि ६४ दात्यांच्या गिअरमुळे ते २७.५ होतात, चाकाला १६ दाते असले की २७.५ × १६ = ४४० हर्ट्झ, म्हणजे पेटीची पांढरी सहा.

पण एकट्या चाकाचा स्वर सपक लागतो. म्हणून ९ ड्रॉबार, म्हणजे पुढे ओढायच्या दांड्या. प्रत्येक दांडी ० ते ८ पर्यंत ओढून मूळ स्वरात एकेक उपस्वर (मूळ कंपनांच्या पटीतला सूर) हवा तेवढा मिसळायचा. मिरजेच्या तंबोऱ्यात जवारी, म्हणजे तारेची झणझणती गुंज, नीट लागली की खर्जाच्या तारेतून स्वयंभू गंधार ऐकू येतो, तो पाचवा उपस्वर. ४४०चा पाचवा उपस्वर २२०० हर्ट्झ. हॅमंड मात्र त्यासाठी वेगळे चाक ठेवत नाही. दुसऱ्या पट्टीचेच, सुमारे २२१७ हर्ट्झचे, उसने घेतो. गंधार चढा लागतो! हॅमंडच्या खास रंगात या चढेपणाचाही वाटा आहे.

  

पाइप ऑर्गन न परवडणाऱ्या चर्चनी हॅमंड घेतला, त्यातून तो गॉस्पेलमध्ये, म्हणजे चर्चमधल्या भक्तिगीतांत, रुजला. डॉन लेस्ली यांच्या फिरत्या स्पीकरने डॉप्लर परिणामामुळे (आवाज जवळ येताना चढा, दूर जाताना उतरता भासतो) स्वराला लहर दिली. जिमी स्मिथ यांनी १९५०च्या दशकात त्याला जॅझमध्ये आघाडीवर आणले, ‘डीप पर्पल’ बँडच्या जॉन लॉर्ड यांनी रॉकमध्ये. पट्टी दाबताना तिच्याखालचे ९ विद्युतसंपर्क एका क्षणी जुळत नाहीत आणि ‘टक्’ असा आवाज येतो. वाद्य घडवणाऱ्यांना तो दोष वाटे, जॅझवादकांना तो ठेका वाटला. चाकांचे ऑर्गन १९७०च्या दशकात बनायचे थांबले. त्यांची नक्कल करणाऱ्या आजच्या डिजिटल वाद्यांत तो ‘टक्’ मुद्दाम घातलेला असतो.