मुंबईची ट्राम

मुंबईची ट्राम म्हणजे ९ मे १८७४ ते ३१ मार्च १९६४ अशी जवळजवळ नव्वद वर्षे मुंबई बेटाच्या रस्त्यांवर रुळांवरून चाललेली प्रवासी गाडी. आधी ती घोडे ओढत. ७ मे १९०७ पासून ती विजेवर धावू लागली. माहीम आणि शीवच्या खाड्या तिने कधी ओलांडल्या नाहीत. तिचा उदय आणि शेवट दोन्ही समजून घ्यायचे तर हा भूगोल आधी ध्यानात घ्यावा लागतो.

मुंबईत ट्राम घालण्याचा पहिला प्रस्ताव एका अमेरिकी कंपनीने १८६५ मध्ये दिला होता. पण त्याच सुमारास अमेरिकेतले यादवी युद्ध संपले, कापसाचे भाव गडगडले, मुंबईतल्या पेढ्या बुडाल्या आणि प्रस्तावही बारगळला. पुढे बॉम्बे ट्रामवे कंपनी उभी राहिली आणि १८७४ मध्ये दोन मार्ग सुरू झाले : कुलाब्याहून क्रॉफर्ड मार्केटवरून पायधुणी आणि बोरीबंदरहून काळबादेवीमार्गे पायधुणी. एक किंवा दोन घोडे डबा ओढत. कंपनीच्या तबेल्यात ९०० घोडे होते असे सांगतात. भाडे तीन आणे, आणि सुरुवातीला तिकीटच नव्हते! पुढे भाडे उतरले आणि तिकिटे आली. कंपनीचे कार्यालय कुलाबा कॉजवेवर होते, आज बेस्टचे इलेक्ट्रिक हाऊस उभे आहे त्याच जागी.

विजेची ट्राम भारतात सर्वांत आधी मद्रासला आली, १८९५ मध्ये. मुंबईसाठी १९०५ मध्ये ‘बॉम्बे इलेक्ट्रिक सप्लाय अँड ट्रामवेज कंपनी’ स्थापन झाली. दिवे आणि गाड्या दोन्हींसाठी वीज पुरवण्याचा मक्ता तिच्याकडे होता आणि वाडीबंदरला तिने वीजघर उभारले. या गाडीची रचना साधी, पण कल्पक. रस्त्यावर वर ताणलेली एकच तार, डब्याच्या टपावर एक लांब दांडा आणि दांड्याच्या टोकाला तारेला खालून टेकून फिरणारे छोटे चाक. या चाकालाच मुळात ट्रॉली म्हणत. फ्रँक स्प्रेग या अभियंत्याने अमेरिकेतल्या रिचमंड शहरात १८८८ मध्ये ही पद्धत मोठ्या प्रमाणावर चालवून दाखवली आणि तिथून ती जगभर पसरली. तारेतून आलेला प्रवाह मोटारीतून जाऊन चाकांवाटे रुळांत उतरे. म्हणून परतीसाठी वेगळी तार लागत नसे. शेवटच्या थांब्यावर दोरीने दांडा फिरवला की गाडी उलट दिशेला जायला तयार. सप्टेंबर १९२० मध्ये दुमजली ट्राम आली.

अमेरिकेत विजेच्या ट्रामने गावोगाव जोडले. लॉस एंजेलिसच्या परिसरात पॅसिफिक इलेक्ट्रिक कंपनीचे रूळ शेकडो मैल पसरले होते. मुंबईत हे काम ट्रामच्या वाट्याला आले नाही, कारण उपनगरांकडे जायला आगगाडी आधीपासून होती. ३ फेब्रुवारी १९२५ रोजी व्हिक्टोरिया टर्मिनस ते कुर्ला अशी विजेची गाडी धावली, १९२८ मध्ये पश्चिमेकडचा मार्गही विजेवर आला आणि लांबचा प्रवासी लोकलचा झाला. ट्रामकडे राहिला तो जवळचा माणूस : लालबाग-परळचा गिरणी कामगार, गिरगावातल्या चाळीतून फोर्टात जाणारा कारकून, बाजाराची पिशवी सांभाळत बसलेली बाई. माझ्या मते ट्रामची खरी थोरवी यातच आहे. एका आण्यात शहर ओलांडता येते ही खात्री तिने गरिबाला दिली.

७ ऑगस्ट १९४७ रोजी कंपनी महापालिकेच्या ताब्यात आली. ‘ट्रामवेज’च्या जागी ‘ट्रान्सपोर्ट’ आले; बेस्ट ही आद्याक्षरे मात्र तशीच राहिली. त्याआधीच, १५ जुलै १९२६ पासून, अफगाण चर्च ते क्रॉफर्ड मार्केट बस धावू लागली होती. १९५० आणि १९५७ मध्ये शहराची हद्द वाढत दहिसर-मुलुंडपर्यंत गेली. बसला नव्या वस्तीत जायला रूळ लागत नव्हते आणि रस्त्याच्या मधोमध चालणारी, बाजूला न सरकणारी ट्राम वाढत्या मोटारींना अडथळा वाटू लागली. एकेक मार्ग बंद होत गेला. शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला गेली. डबा खचाखच भरला होता आणि निरोप द्यायला रस्त्याच्या दुतर्फा लोक उभे होते.

मधल्या काळात ट्रॉलीबसचा प्रयोगही झाला. विजेच्या तारेवर, पण रबरी टायरांवर चालणारी ही बस ११ जून १९६२ पासून गवालिया टँक ते माझगाव गोदी या मार्गावर धावली. तिला रूळ नसल्याने वीज परत जाण्यासाठी दुसरी तार आणि टपावर दुसरा दांडा लागे. मार्च १९७१ मध्ये तीही बंद झाली.

रूळ बहुतेक ठिकाणी उखडले गेले, काही डांबराखाली गाडले गेले. २०१७ मध्ये हुतात्मा चौकात फ्लोरा फाउंटनच्या दुरुस्तीचे खोदकाम चालू असताना त्यांतले काही पुन्हा उजेडात आले. ट्राम पाहिलेली माणसे आता थोडीच उरली आहेत. तरी दादर पूर्वेला उतरायचे असले की आजही कंडक्टरकडे ‘टीटी’ मागतात, आणि त्या दोन अक्षरांतले पहिले ट्रामचे, दुसरे टर्मिनसचे आहे.