खांदेरी

मुंबई बंदराच्या दक्षिणेला, थळच्या (ता. अलिबाग, जि. रायगड) किनाऱ्यासमोरचे छोटे खडकाळ बेट व त्यावरील जलदुर्ग. बेटावर गाव नाही. तटबंदी, १८६७ सालचे दीपगृह आणि कोळ्यांचा वेताळ एवढाच पसारा. वेताळ म्हणजे मूर्ती नव्हे, एक मोठी शिळा. जवळच एक खडक आहे, दगडाने ठोकला की पितळी भांड्यासारखा खणखणतो; किल्ला बघायला आलेला प्रत्येक जण तो वाजवतोच.

मुंबईत शिरणारे गलबत इथून नजरेत येते, म्हणून या खडकावर सगळ्यांचा डोळा. ऑगस्ट १६७९मध्ये शिवाजी महाराजांच्या आज्ञेने त्यांच्या आरमारातले मायनाक भंडारी यांनी इथे बांधकाम सुरू केले. इंग्रजांनी ते थांबवायला जहाजे पाठवली. १८ ऑक्टोबरच्या लढाईत त्यांचे ‘डव्ह’ हे गुराब (शिडांचे लढाऊ जहाज) मराठ्यांच्या हाती लागले. इंग्रजांची जहाजे वाऱ्यावर अवलंबून. मराठ्यांच्या होड्या हलक्या, उथळ पाण्यात वल्ही मारत निसटणाऱ्या. रात्री रसद बेटावर पोचायचीच.

या लढाईचा ठाण्याशी आलेला संबंध सहसा सांगितला जात नाही. खांदेरीवरचा दाब कमी करायला त्याच महिन्यात सुमारे ४,००० माणसे कल्याण-भिवंडीकडे रवाना झाली. ठाण्याला खाडी ओलांडून साष्टीतून (मुंबईच्या उत्तरेचे बेट) मुंबईवर जायचे, असा बेत होता. जागा अचूक होती, कारण खाडी इथे अगदी चिंचोळी होते. पुढे १८५४मध्ये रेल्वेचा पूलही ठाण्यालाच बांधला गेला. पण साष्टी पोर्तुगीजांची, आणि त्यांनी वाट दिली नाही. मग फौज पनवेलकडे वळली. तिथे सात शिबाडे (मोठी मालवाहू गलबते) होती आणि पाण्यापलीकडे तुर्भे (मुंबईचे ट्रॉम्बे, नवी मुंबईतले तुर्भे नव्हे). मुंबईत घबराट उडाली. सुरतेच्या इंग्रजांनी नरमाईची पत्रे लिहिली, आणि १६८०च्या आरंभी त्यांची जहाजे खांदेरीहून माघारी गेली.

त्याच जानेवारीत जंजिऱ्याच्या सिद्दी कासमने शेजारचे उंदेरी बेट बळकावून तिथे तोफा चढवल्या. दोन वैरी किल्ले तोफेच्या टप्प्यात समोरासमोर! मराठ्यांनी उंदेरी घेतली ती थेट १७६०मध्ये. त्याआधी, १७१८ साली, इंग्रजांनी मराठा आरमारप्रमुख कान्होजी आंग्र्यांच्या खांदेरीवर पुन्हा चाल केली होती, तीही फसली.

१९९८मध्ये बेटाला कान्होजी आंग्रे यांचे नाव दिले गेले. लोक मात्र अजून खांदेरीच म्हणतात. जुलै २०२५मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आलेल्या बारा मराठा किल्ल्यांतही ते याच नावाने आहे.