पीडीए बंद करणं आणि पीडीएत स्टेंट घालणं

"आमच्या नातवाचीपण पीडीए होती, छत्री लावून बंद केली. मग तुमचे डॉक्टर ती उघडी ठेवायचा हट्ट का करतात?" बांबोळीला गोमेकॉच्या (गोवा मेडिकल कॉलेजच्या) आवारात फोंड्याचे एखादे काका वाळपईच्या नव्या बापाला हे अगदी कळकळीने विचारतील. पीडीए म्हणजे हृदयाजवळची, जन्मानंतरही उघडी राहिलेली एक नळी. नळी तीच, पण दोन बाळांचं दुखणं उलटं आहे.

ही नळी महाधमनी आणि फुप्फुसाची धमनी यांना जोडते. पोटातल्या बाळाला ती लागतेच. जन्मानंतर दोन-तीन दिवसांत ती बहुतेकांची आपोआप मिटते. मिटली नाही, तर फुप्फुसांत नको तेवढं रक्त शिरतं, बाळाला धाप लागते, वजन वाढत नाही. दिवस भरण्याआधी जन्मलेल्यांत हे जास्त दिसतं. औषधाने भागलं नाही, तर जांघेतल्या शिरेतून कॅथेटर (बारीक लवचिक नळी) नेऊन तारेच्या जाळीचं छोटं बूच बसवतात, तीच काकांची 'छत्री'. अमेरिकेत २०१९ मध्ये अगदी ७०० ग्रॅम वजनाच्या बाळांसाठीही असं बूच मंजूर झालं. हा विषय बहुधा तिथेच संपतो.

दुसऱ्या बाळाची फुप्फुसाकडे जाणारी झडपच तयार झालेली नसते. फुप्फुसांना रक्त मिळतं ते फक्त या नळीतून. ती मिटली की बाळ निळं पडतं. म्हणून आधी नळी उघडी ठेवणाऱ्या प्रोस्टाग्लँडिन या औषधाचं ड्रिप लावतात. त्याने श्वास थांबू शकतो, त्यामुळे बाळ अतिदक्षता विभागातच हवं. मग जांघेतून, कधी मानेतून किंवा काखेतून, साडेतीन-चार मिलिमीटरचा स्टेंट, म्हणजे नळी उघडी धरून ठेवणारी धातूची जाळी, घालतात. मोठ्या माणसांच्या हृदयात घालतात तसाच. पूर्वी यासाठी छाती उघडून शंट, म्हणजे फुप्फुसाकडे रक्त नेणारी वेगळी वाट, जोडणं हाच मार्ग होता. ती शस्त्रक्रिया १९४४ पासूनची, आणि अजूनही काही बाळांना तीच बरी पडते.

नातेवाईक घाबरतात ते स्टेंटनंतर. मॉनिटरवर ऑक्सिजन ७५ ते ८५ टक्के दिसतो आणि सगळे म्हणतात, ऑक्सिजन लावा! या बाळांत शुद्ध-अशुद्ध रक्त मिसळतंच, तेवढा आकडा अपेक्षित असतो. शिवाय जास्त ऑक्सिजनने नळी आकसते, म्हणून स्टेंट पडण्याआधी तर डॉक्टर हात आखडूनच ऑक्सिजन देतात. ते निष्काळजी नसतात.

स्टेंट कायमचा उपाय नाही. आत पेशी वाढून तो अरुंद होतो, बाळही वाढतं. काही महिन्यांनी पुढची शस्त्रक्रिया ठरलेली. तोवर रक्त पातळ ठेवणारी गोळी चुकवायची नाही. उलट्या-जुलाब झाले, बाळ दूध पिईना किंवा ओठ-जीभ नेहमीपेक्षा काळीनिळी दिसली, तर घरी वाट पाहू नका: शरीरातलं पाणी कमी झालं की स्टेंटमध्ये गुठळी होऊ शकते.