इंपेरिओ आर्हेंतिना

(२६ डिसेंबर १९०६ किंवा १९१० – २२ ऑगस्ट २००३). स्पॅनिश चित्रपट-अभिनेत्री, गायिका व नर्तकी. मूळ नाव माग्दालेना निले देल रिओ. जन्म ब्वेनस आयरिस येथे, दक्षिण स्पेनशी नाते असलेल्या कलावंत घराण्यात. जन्मवर्षाबद्दल एकवाक्यता नाही. १९१० धरल्यास १९२७ च्या पहिल्याच चित्रपटात ती जेमतेम सोळा वर्षांची ठरते; तेथील नायिकेची भूमिका पाहता १९०६ अधिक संभाव्य वाटते.

रंगमंचावर ती लहानपणीच ‘पेतीत इंपेरिओ’ या नावाने आली. पुढचे नाव दोन नर्तकींच्या नावांतून जुळवलेले आहे : पास्तोरा इंपेरिओ आणि ‘ला आर्हेंतिना’ म्हणून गाजलेली आंतोनिया मेर्से. ही जोडणी नाटककार हासिंतो बेनाव्हेंते यांनी सुचविली, असे परंपरेने सांगितले जाते. म्हणजे या नावातील ‘आर्हेंतिना’ थेट देशावरून आलेले नाही; अर्थात मेर्सेचा जन्मही ब्वेनस आयरिसचाच, त्यामुळे फेरा पुन्हा तेथेच येतो.

फ्लोरिआन रेय या दिग्दर्शकाच्या ‘ला एर्माना सान सुल्पिसिओ’ (१९२७) या मूकपटातून तिचे पदार्पण झाले. ख्रिस्ती जोगिणीचा झगा घातलेली, पण मनाने सेव्हियाची नाचरी मुलगी ही भूमिका तिने १९३४ च्या बोलपटातही केली. रेय पुढे तिचा पती झाला.

मधल्या काळात ती पॅरिसजवळील ज्वांव्हिल येथे पॅरामाउंट या अमेरिकन चित्रपटसंस्थेच्या स्टुडिओत होती. डबिंग रुळण्यापूर्वी तेथे एकच कथा, तेच नेपथ्य ठेवून निरनिराळ्या भाषांतील नटसंच आळीपाळीने उभे करीत. ‘सू नोचे दे बोदास’ (१९३१) ही अशीच स्पॅनिश आवृत्ती. ‘मेलोदीया दे आर्राबाल’ (१९३३) मध्ये कार्लोस गार्देल या टँगो-गायकाबरोबर तिचे द्वंद्वगीत आहे.

तिच्या अष्टपैलुत्वाचा खरा कस १९३५–३६ मध्ये लागला. ‘नोब्लेसा बातुर्रा’त (१९३५) ती स्पेनमधील आरागोन प्रांताची शेतकरी मुलगी आहे, तर ‘मोरेना क्लारा’त (१९३६) दक्षिणेकडील अंदालुसियाची जिप्सी त्रिनी. त्रिनी व तिचा भाऊ खानावळीतून खारवलेल्या मांसाच्या तंगड्या चोरतात आणि त्या त्याच खानावळवाल्याला विकतात. प्रकरण न्यायालयात जाते, तेव्हा सरकारी वकिलासमोर ती भाबडेपणाचा आव आणून उत्तरे देते. भावाच्या भूमिकेतील मिगेल लिहेरो याच्याबरोबरचे टर्की पक्ष्यावरचे गाणे घरोघरी पोहोचले. ती जिप्सी नव्हती, याचा प्रेक्षकांना विसर पडला, हे तिचे यश मानावे. चित्रपट प्रदर्शित झाल्यावर काही महिन्यांतच स्पेनमध्ये यादवी युद्ध पेटले.

युद्धकाळात रेयने बर्लिनमध्ये ‘कार्मेन ला दे त्रियाना’ (१९३८) काढला. ज्वांव्हिलची पद्धत येथे उलटी झाली : स्पॅनिश व जर्मन दोन्ही आवृत्त्यांत नायिका तीच, तिचा प्रियकर डॉन होसे मात्र वेगळा – स्पॅनिशमध्ये राफाएल रिव्हेयेस, जर्मनमध्ये फ्रीड्रिख बेन्फर. हिटलरशी झालेल्या तिच्या भेटीच्या कथा पुष्कळ आहेत. त्यांचा सूर आख्यायिकेकडे झुकतो, त्या जपूनच घ्याव्यात. पण नाझी राजवटीच्या स्टुडिओत केलेले हे काम तिला पुढे चिकटून राहिले, यात शंका नाही.

रेयपासून विभक्त झाल्यावर तिने इटलीत ‘तोस्का’ (१९४१) केला. त्याचे चित्रीकरण फ्रेंच दिग्दर्शक झाँ रन्वारने सुरू केले व कार्ल कोखने पूर्ण केले. बेनितो पेरोहोच्या ‘गोयेस्कास’मध्ये (१९४२) तिची दुहेरी भूमिका आहे : एक सरदारीण, दुसरी रस्त्यावरची गायिका. त्यानंतर चित्रपट तुरळक होत गेले. मारिओ कामुसच्या ‘कोन एल व्हिएंतो सोलानो’नंतर (१९६६) मोठा खंड पडला. होसे लुईस बोराऊने ‘ताता मीया’त (१९८६) तिला पुन्हा बोलावले, या वेळी अभिनेत्री कार्मेन माउरा साकारीत असलेल्या नायिकेच्या म्हाताऱ्या दाईच्या भूमिकेत. १९८९ मध्ये तिला गोया हा स्पॅनिश चित्रपट-पुरस्कार सन्माननीय म्हणून मिळाला. मृत्यू मालागा प्रांतात.