करणी करणारा आणि करणी उतरवणारा: बांटू भाषांतले ‘न्गांगा’ आणि ‘न्दोकी’

‘विच डॉक्टर’ या इंग्रजी शब्दाने आफ्रिकेतल्या दोन अगदी उलट माणसांना एका पोत्यात भरलं. मराठीत तो शब्द कधी मांत्रिक, कधी चेटक्या असा जमेल तसा उतरला आणि गोंधळ आपल्याकडेही आला. खरं तर मराठी माणसाला हा फरक समजावून सांगायला लागू नये. करणी करणारा वेगळा, करणी उतरवणारा वेगळा, हे आपल्या गावांतही लोक जाणून असतात.

बांटू भाषा बोलणाऱ्यांचे पूर्वज चार-पाच हजार वर्षांपूर्वी आजच्या कॅमेरून-नायजेरिया सीमेकडून निघाले आणि पिढ्यान् पिढ्या सरकत दक्षिण टोकापर्यंत पसरले. आज या कुळात पाचशेच्या आसपास भाषा आहेत. शेती, लोखंड, गुरं यांच्याबरोबर माणसं शब्दही नेतात. उतरवणाऱ्याचा शब्द बघा: किकोंगोत न्गांगा, स्वाहिलीत म्गांगा, शोनात ङांगा (‘वाङ्मय’मधला ङ), झुलूत इन्यांगा, त्स्वानात ङाका. आणि करणाऱ्याचा: किकोंगो आणि लिंगालात न्दोकी, गिकुयूत मुरोगी, बेंबात मुलोशी, शोनात मुरोयी, त्स्वानात मोलोई. कानाला वेगळे वाटले तरी प्रत्येक ओळीतले शब्द एकाच जुन्या मुळाचे. म्हणजे हजारो किलोमीटर आणि कित्येक शतकं ओलांडताना या लोकांनी ही जोडी मोडू दिली नाही.

आता न्गांगा जवळून पाहू. हे काम शिकून येतं. झुलूंमध्ये तर कामाची वाटणीच आहे: इन्यांगा मुळ्या-साली-कंदांचा जाणकार, बहुतेकदा पुरुष, विद्या बापाकडून मुलाकडे आलेली. इसांगोमा ही पूर्वजांशी बोलणारी, बहुतेकदा बाई. ती हे काम निवडत नाही. आधी काही केल्या न हटणारं दुखणं येतं, स्वप्नं पडतात, आणि मग पूर्वजांनी बोलावलं आहे असं ठरतं. त्यानंतर गुरूच्या घरी महिनोन् महिने, कधी वर्षंही राहायचं, अंगाला पांढरी माती लावायची, सांगितलेली कामं निमूट करायची. शेवटी सगळ्यांसमोर परीक्षा होते. लपवून ठेवलेली वस्तू काय आहे आणि कुठे आहे, हे तिने सांगायचं.

कौल लावण्याची जुनी झुलू रीत मला फार बोलकी वाटते. आलेली मंडळी गोल करून बसतात. इसांगोमा एकेक विधान करत जाते: दुखणं घरातलं आहे, मुलाचं आहे, पोटाचं आहे. प्रत्येक वाक्याला सगळे जमिनीवर काठ्या आपटून म्हणतात, “सियावुमा!” म्हणजे, आम्हाला मान्य. बोट बरोबर जागी पडलं की काठ्यांचा आवाज चढतो, चुकलं की मंदावतो. दुखण्याचं निदान तिच्या एकटीच्या तोंडून येत नाही, सगळं कुटुंब मिळून ते घडवतं. आणि ते सगळ्यांच्या डोळ्यांदेखत होतं.

काँगोच्या न्गांगाकडे आणखी एक साधन असे, न्किसी न्कोंदी. बरेचदा हातभर, काही तर कमरेएवढ्या उंचीची लाकडी मूर्ती, एक हात उगारलेला, पोटावर आरसा किंवा कवडी बसवलेली पोकळी, आणि अंगभर ठोकलेले खिळे नि लोखंडी पाती. युरोपच्या संग्रहालयांत ती पाहून लोकांना वाटे, कुणाला मारायला टोचलेली बाहुली आहे. पण मूर्तीच्या अंगातला खिळा म्हणजे कुणाला टोचलेली सुई नसे. दोन घरांत तंटा मिटला, शपथ घेतली, करार झाला, चोराला शोधायची विनंती झाली की एक खिळा. शब्द मोडणाऱ्याची शिकार ती करेल, अशी श्रद्धा. ‘न्कोंदी’ म्हणजे शिकारीच. सुतार मूर्ती कोरून द्यायचा, पण न्गांगाने पोकळीत औषधं भरल्याशिवाय ते नुसतं लाकूड.

आता न्दोकी. इथे लिहिण्यासारखं फार कमी सापडतं, आणि त्याचं कारण महत्त्वाचं आहे. न्दोकीचा गुरू नसतो, परीक्षा नसते, दारावर पाटी नसते. झिम्बाब्वेतले शोना लोक सांगतात की मुरोयी रात्री उघड्याने फिरते, तरसावर बसते, थडगी उकरते. पण ‘मी मुरोयी आहे’ असं म्हणून कुणी पोट भरत नाही. मी न्गांगा आहे, हे माणूस स्वतः सांगतो. न्दोकी त्याला दुसरे ठरवतात. माझ्या मते या दोघांतला सगळ्यात खोल फरक हाच, आणि ‘विच डॉक्टर’ने नेमका तोच पुसला.

ठरवतात कुणाला, हेही पाहायला हवं. टांझानियाच्या सुकुमा भागात लाल डोळ्यांच्या म्हाताऱ्यांवर संशय घेतला गेला आणि कित्येकींचे जीव गेले. डोळे लाल का? आयुष्यभर चुलीच्या धुरात स्वयंपाक केला म्हणून. काँगोची राजधानी किन्शासामध्ये 1990 नंतरच्या हलाखीत लहान मुलांना न्दोकी म्हणून घराबाहेर काढलं जाऊ लागलं. बहुतेकदा अनाथ, सावत्र, नातेवाइकांकडे ठेवलेली पोरं. तिथे न्दोकी ओळखण्याचं काम आता बरेचदा न्गांगा करत नाही, नव्या चर्चचे पास्टर करतात. काँगोने 2009 च्या बालसंरक्षण कायद्यात मुलांवर असा आळ घेणं गुन्हा ठरवलं.

दोघांमधली भिंत मात्र पक्की आहे असं समजू नका. किकोंगोत ‘किंदोकी’ ही एक ताकद आहे, आणि न्दोकीला पकडायचं तर न्गांगाकडेही तिचा अंश हवा, अशी तिथली समजूत. रात्री पाहता येणारा डोळा असल्याशिवाय रात्री फिरणारा दिसणार कसा? म्हणून न्गांगाबद्दल आदर असतो तशी धास्तीही असते. आणि ही धास्ती दर वेळी पोकळ नसते. टांझानियात अल्बिनिझम (जन्मतःच कातडी-केसांत रंग नसणं) असलेल्या माणसांच्या अवयवांनी नशीब उघडतं असं सांगणारे काही म्गांगाच होते. त्या खुनांनंतर सरकारने 2015 मध्ये परवाना नसलेल्या म्गांगांवर बंदी घातली. ते लोक म्गांगाची पाटी लावून न्दोकीचं काम करत होते, असंच म्हणायला हवं.

वसाहतींच्या आणि गोऱ्या सरकारांच्या कायद्याने गोंधळात भर घातली. दक्षिण ऱ्होडेशियात (आजच्या झिम्बाब्वेत) 1899, केनियात 1925, दक्षिण आफ्रिकेत 1957 असे चेटूकविरोधी कायदे आले. त्यांचा आधार असा: चेटूक अस्तित्वातच नाही, म्हणून दुसऱ्याला चेटकी म्हणणारा गुन्हेगार. आळ आलेल्या बाईचा जीव वाचावा, हे योग्यच. पण लोकांना दिसलं ते वेगळं: सरकार न्गांगाला पकडतं आणि मुरोयीला सोडतं, म्हणजे सरकार मुरोयीच्या बाजूचं. त्यात मुळ्या देणाराही संशयित ठरला. महाराष्ट्राच्या 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यातही ‘ही करणी करते’ असा आळ घेणं गुन्हा आहे. फरक असा की तो इथल्याच माणसांनी वर्षानुवर्षं गावोगाव बोलून, वाद घालून, नरेंद्र दाभोलकरांच्या हत्येचं दुःख सोसून मिळवला. परक्या राज्यकर्त्याच्या फर्मानाला लोकांशी असं बोलणं कधी जमलं नाही.

स्वातंत्र्यानंतर आफ्रिकी देशांनी न्गांगाला पुन्हा वेगळं काढायला सुरुवात केली. झिम्बाब्वेने 1981 मध्ये पारंपरिक वैद्यांच्या नोंदणीचा कायदा केला, दक्षिण आफ्रिकेने 2007 मध्ये, आणि त्यात कौल लावणारे, वनस्पतींचे जाणकार, सुइणी नि पारंपरिक शस्त्रक्रिया करणारे असे चार वर्ग मानले.

भाषेने तर हे काम केव्हाच केलं होतं. रवांडात दवाखान्यातल्या डॉक्टरला ‘मुगांगा’ म्हणतात. टांझानियात सरकारच्या मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्याचं अधिकृत पद ‘म्गांगा म्कू’, म्हणजे थोरला म्गांगा. न्दोकीच्या ओळीतला शब्द मात्र कुठल्याच दारावरच्या पाटीवर चढलेला नाही.