इग्वानाला किडे घालू नयेत

सांगली-मिरजेकडे ‘सरडा म्हटला की किडे आलेच’ ही समजूत इग्वाना पाळणाऱ्या घरांतही ऐकू येते आणि त्यापायी त्याला झुरळे, उकडलेले अंडे, क्वचित खिमाही घातला जातो. वस्तुतः मध्य व दक्षिण अमेरिकेतला हिरवा इग्वाना पानांवर जगतो. त्याच्या मोठ्या आतड्यातील सूक्ष्मजीव पाल्यातील तंतू आंबवून पचवतात, उलट मांसाहारातील जादा प्रथिनांचा भार मूत्रपिंडांवर पडतो. जास्वंदीची पाने, घेवडा, लाल भोपळा चालतो. पालक मात्र रोज नको, कारण त्यातील ऑक्झलेट कॅल्शियम अडवून ठेवते. लेपर्ड गेको या पाळीव पालीला किडेच लागतात, पण तेही फवारणी झालेल्या द्राक्षबागेतले नव्हेत. ऑस्ट्रेलियातील बिअर्डेड ड्रॅगन हा सरडा लहानपणी मुख्यतः किडे आणि मोठेपणी मुख्यतः पाला खातो. घोरपडीच्या आहाराचा प्रश्न उद्भवूच नये, कारण १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानुसार तिला पाळणे हा गुन्हा आहे.