नान व कूचे (लघुपट)

नान व कूचे (‘रोटी आणि गल्ली’) : इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामी (१९४०–२०१६) यांचा पहिला चित्रपट. १९७० सालचा, कृष्णधवल, सुमारे दहा मिनिटांचा इराणी लघुपट. तेहरानमधील ‘कानून’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या, मुलांच्या बौद्धिक विकासासाठी १९६५ मध्ये स्थापन झालेल्या संस्थेने तो निर्माण केला. संस्थेचा चित्रपट विभाग उभारण्यात किआरोस्तामींचा मोठा वाटा होता. त्याआधी ते जाहिरातपट करीत असत. कथा त्यांचे बंधू तकी किआरोस्तामी यांची.

रोटी घेऊन घरी निघालेल्या मुलाची वाट गल्लीत एक कुत्रा अडवतो. मुलगा घाबरून मागे सरतो आणि कोणी मोठे माणूस येण्याची वाट पाहत थांबतो. श्रवणयंत्र लावलेले एक आजोबा येतात. त्यांच्या आडोशाने तो पुढे सरकतो, पण आजोबा मध्येच दुसऱ्या बोळात वळतात. आपल्या भरवशावर कोणी चालले आहे, याचा त्यांना पत्ताही नसतो. अखेर मुलगा रोटीचा तुकडा मोडून कुत्र्यापुढे टाकतो आणि कुत्रा त्याच्या मागे घरापर्यंत येतो. दार बंद होते. कुत्रा तिथेच बसतो आणि हातात वाडगे घेऊन येणाऱ्या दुसऱ्या मुलावर गुरगुरतो. भीती संपलेली नाही, नुसती पुढच्या मुलाकडे गेली आहे. बालपटाच्या मानाने हा शेवट चांगलाच खट्याळ म्हणावा लागेल.

सगळा व्यवहार शब्दांवाचून चालतो. मदत मागायची तर तोंड उघडावे लागेल, हे मुलाला सुचत नाही किंवा धीर होत नाही. त्याची घालमेल चेहऱ्यावर आणि पावलांत दिसते. सोबतीला बीटल्सच्या ‘ओब-ला-दी, ओब-ला-दा’ या गाण्याची जॅझ धून आहे.

चित्रीकरण कटकटीचे झाले. लहान मूल, कुत्रा आणि बहुतांशी नवखी मंडळी. त्यात अनुभवी छायाचित्रकाराशी मतभेद. मूल आणि त्याच्या मागोमाग कुत्रा घराच्या दारापर्यंत येण्याचा प्रसंग तुकड्यांत घेऊन संकलनात जोडावा, ही रूढ रीत. किआरोस्तामींना दोघे एकाच चौकटीत, न तोडता हवे होते. हट्ट योग्यच होता: तुकडे केले असते तर दोघांमधले अंतर, म्हणजे प्रसंगाचा जीवच, गेला असता.

श्रवणयंत्र पुढे ‘हमसरायान’ (१९८२) या त्यांच्या लघुपटात मध्यवर्ती ठरले. तिथले आजोबा गोंगाटाला कंटाळून ते काढून ठेवतात आणि दाराबाहेरून हाका मारणारी नात त्यांना ऐकूच येत नाही.